जर्मनीचा एप्रिल : सात शहरं नकोत, तीन पुरेत

प्रश्न : आम्ही दोघं, ६८ वर्षांच्या सासूबाई आणि ११ वर्षांचा मुलगा असे चौघं २०२७च्या एप्रिलमध्ये १२ रात्रींसाठी जर्मनीला जाणार आहोत. एजंटने फ्रँकफर्ट, कोलोन, हॅम्बुर्ग, बर्लिन, ड्रेस्डेन, न्यूरेंबर्ग, म्युनिक अशी सात शहरं लिहून दिली आहेत. चेरीचा बहर मात्र चुकवायचा नाही. तारखा कोणत्या धराव्यात? (नाशिक)

उत्तर : आधी ती यादी छाटा. हॉटेल सकाळी साधारण अकराला सोडायचं आणि पुढची खोली दुपारी तीनच्या सुमारास मिळायची, म्हणजे शहर बदललं की अर्धा दिवस गेलाच. सात शहरांत असे सहा अर्धे दिवस जातात, शिवाय सासूबाईंना सहा वेळा सामानासकट जिने आणि फलाट. कोलोन, बर्लिन आणि म्युनिक एवढी तीनच ठेवा. जाताना फ्रँकफर्टला उतरा आणि परतीचं विमान म्युनिकहून घ्या, म्हणजे मागे फिरावं लागणार नाही.

तारखांचं म्हणाल तर २०२७ मध्ये ईस्टर लवकर, २८ मार्चला आहे. गुड फ्रायडे (२६ मार्च) ते ईस्टर मंडे (२९ मार्च) शनिवार सोडता दुकानं बहुतांश बंद, गाड्या भरलेल्या आणि आसपास शाळांच्या सुट्ट्या. ते दिवस टाळा. १२ एप्रिलला, सोमवारी उतरा. कोलोनला पाच रात्री, १७ तारखेच्या शनिवारी सकाळी बर्लिन, तिथे चार रात्री, २१ला म्युनिक आणि २४ला परत. शुक्रवारी दुपारी शहर बदलू नका, त्या वेळी लांबच्या गाड्यांत उभं राहायलाही जागा नसते.

कोलोनला पाच रात्री कशासाठी, तर बहरासाठी. कोलोनजवळच्या बॉन शहराच्या जुन्या भागातल्या हेअरश्ट्रास या रस्त्यावर दोन्ही बाजूंच्या गुलाबी चेरीच्या फांद्या वर एकमेकींना भिडतात आणि सगळा रस्ता गुलाबी मांडवाखाली जातो. हे बहुधा एप्रिलच्या मध्याच्या आसपास होतं आणि जेमतेम दोन आठवडे टिकतं. पण थंडी लांबली की बहर उशिरा येतो, मार्च उबदार गेला की लवकर येतो आणि जोराचा पाऊस दोन दिवसांत पाकळ्या खाली आणतो. म्हणून बॉनचा दिवस आधीच ठरवून ठेवण्यात अर्थ नाही. कोलोनहून लोकल गाडीने बॉन अर्ध्या तासाच्या आत येतं. हवा बघून आदल्या रात्री ठरवा आणि आठवड्याच्या मधल्या दिवशी सकाळी नऊच्या आत पोचा. शनिवार-रविवारी तिथे पाय ठेवायला जागा नसते. तो राहता रस्ता आहे, फोटोसाठी कुणाच्या दारात उभं राहू नका.

बर्लिनला बहर साधारणपणे ऱ्हाइनकाठच्या कोलोन-बॉनपेक्षा उशिरा येतो, त्यामुळे बॉन हुकलं तरी एक संधी उरते. एस-बानने, म्हणजे शहरातल्या लोकल गाडीने, बोर्नहोल्मर श्ट्रास स्टेशनला उतरा. ९ नोव्हेंबर १९८९च्या रात्री बर्लिनच्या भिंतीतला जो नाका सगळ्यांत आधी उघडला, तो इथल्याच पुलावरचा. पुलाच्या पायथ्याशी, पूर्वीच्या सीमापट्टीत आता चेरीची रांग आहे. भिंत पडल्याच्या आनंदात जपानमधल्या लोकांनी वर्गणी काढून बर्लिन परिसरासाठी चेरीची झाडं पाठवली होती. हे कळल्यावर तो फोटो निराळा वाटतो.

कोलोनचं कॅथेड्रल स्टेशनच्या दाराशीच आहे. आत जाणं सासूबाईंना सोपं आहे, पण दक्षिण मनोऱ्याला ५३३ पायऱ्या आहेत आणि लिफ्ट नाही. तिथे मुलासोबत दोघांपैकी एकाने जावं.

प्रश्न : महिन्याचं डॉइचलांड-टिकेट घेतलं की सगळीकडे फिरता येतं असं ऐकलं. खरं आहे का? (पुणे)

उत्तर : अर्धं खरं. २०२६ मध्ये त्याचा दर महिन्याला ६३ युरो आहे आणि ते लोकल, प्रादेशिक गाड्या, मेट्रो, ट्राम, बस यांना चालतं. आयसीई, आयसी या लांबच्या जलद गाड्यांना ते चालत नाही. शिवाय ते वर्गणीचं तिकीट आहे. महिना १ तारखेपासून मोजतात, तुम्ही उतरल्या दिवसापासून नाही, त्यामुळे २५ एप्रिल ते ७ मे असा प्रवास केलात तर दोन महिन्यांचे पैसे पडतात. वर्गणी त्या महिन्याच्या १० तारखेपर्यंत रद्द केली नाही, तर पुढच्या महिन्याचेही कापले जातात. म्हणून तिकीट हाती आलं की लगेच रद्द करून ठेवा. चालू महिना संपेपर्यंत ते चालतंच.

मोठी चूक मुलांच्या बाबतीत होते. जलद गाडीत ६ ते १४ वर्षांची मुलं मोठ्यांबरोबर फुकट जातात, फक्त तिकीट काढतानाच त्यांची नोंद करावी लागते. डॉइचलांड-टिकेटमध्ये ही सवलत नाही, सहा वर्षांपुढच्या मुलाला वेगळं तिकीट लागतं. त्यामुळे नाशिकच्या कुटुंबाला आमचा सल्ला असा: कोलोन-बॉनसाठी पाच जणांपर्यंतचं २४ तासांचं एकत्र तिकीट घ्या आणि बव्हेरियात, म्हणजे म्युनिक ज्या राज्यात आहे तिथे, बायर्न-टिकेट हे दिवसभराचं तिकीट. तेही पाच जणांपर्यंत मिळतं आणि सोमवार ते शुक्रवार सकाळी नऊपासून चालतं. डॉइचलांड-टिकेट परवडतं ते बरेच दिवस राहून रोज फिरणाऱ्या एकट्यादुकट्याला.

कोलोन-बर्लिन (साडेचार तासांच्या आसपास) आणि बर्लिन-म्युनिक (सुमारे चार तास) ही तिकिटं काही महिने आधी काढा. स्वस्त श्पारप्राइस तिकीट त्याच गाडीला बांधलेलं असतं. गाडी चुकली की तिकीट गेलं. रेल्वेच्याच उशिरामुळे मुक्कामी २० मिनिटं किंवा जास्त उशीर होणार असेल, तर मात्र ते बंधन सुटतं आणि दुसऱ्या गाडीने जाता येतं. तासभर उशीर झाला तर भाड्याच्या २५ टक्के, दोन तास झाला तर ५० टक्के परत मागता येतात. जागेचं आरक्षण तिकिटात धरलेलं नसतं, ते वेगळे पैसे देऊन करा. सासूबाई बरोबर आहेत, तिथे काटकसर नको. शक्यतो थेट गाडी घ्या. बदलायचीच असेल तर मध्ये निदान अर्धा तास ठेवा, कारण जर्मन गाड्या वेळेवर धावतात हा समज आता जुना झाला आहे.

फलाटावर ए, बी, सी असे विभाग लिहिलेले असतात. तुमचा डबा कुठे थांबेल ते फलकावर दिसतं, पण गाडी कधी कधी उलट्या क्रमाने येते. ती घोषणा जर्मनमध्ये भरभर होते, म्हणून गाडी येण्याआधी पाच मिनिटं फलक पुन्हा वाचा. काही आयसीई म्हणजे जोडलेल्या दोन गाड्या असतात आणि आतून एकीतून दुसरीत जाता येत नाही. चुकीच्या भागात चढलात तर पुढच्या स्टेशनवर सामान घेऊन उतरून पळावं लागतं.

आणखी एक. बर्लिन आणि म्युनिकमध्ये कागदी तिकीट चढण्यापूर्वी छोट्या यंत्रात घालून शिक्का मारावा लागतो. बिनशिक्क्याचं तिकीट म्हणजे विनातिकीट, दंड ६० युरो.

प्रश्न : जर्मनीला जोडून तीन दिवस प्रागला जायचं आहे. व्हिसा कुणाकडे मागायचा आणि कधी? (कोल्हापूर)

उत्तर : जिथे जास्त दिवस राहणार, त्या देशाकडे, म्हणजे जर्मनीकडे. प्रवासाच्या सहा महिने आधीपासून अर्ज करता येतो. शेवटची मुदत १५ दिवसांची आहे, पण तिच्यावर विसंबू नका, उन्हाळी गर्दीत भेटीची वेळच मिळत नाही. शुल्क ९० युरो, ६ ते १२ वर्षांच्या मुलांना ४५. विमा किमान ३०,००० युरोंचा आणि सगळ्या शेंगेन देशांना लागू असलेला हवा. पासपोर्ट दहा वर्षांच्या आत काढलेला, परतीनंतर तीन महिने वैध आणि दोन पानं कोरी असलेला असावा. आता सीमेवर फोटो आणि बोटांचे ठसे घेतात, रांग लांबते. उतरल्या दिवशी ठरावीक गाडीलाच बांधलेलं स्वस्त तिकीट काढू नका.

प्रश्न : आम्ही शाकाहारी. नातेवाइकांसाठी हापूसची पेटी आणि तूप नेता येईल का? (रत्नागिरी)

उत्तर : दोन्ही नाही. दूध, तूप, पेढे, बर्फी हे युरोपीय संघाबाहेरून प्रवाशाने नेणं बंद आहे. आंब्याला सरकारी रोगमुक्तता दाखला लागतो, तो नसेल तर पेटी विमानतळावरच जप्त होते. चिवडा, मेतकूट, भाजणीचं पीठ खुशाल न्या.

खाण्याची आबाळ मात्र होणार नाही. एप्रिलच्या मध्यापासून २४ जूनपर्यंत पांढऱ्या श्पारगेलचा, म्हणजे शतावरीच्या कोंबांचा हंगाम असतो. उकडलेले बटाटे आणि वितळलेलं लोणी घातलेली ती थाळी फार चवदार लागते. फक्त मागवताना ‘ओने शिंकन’, हॅमशिवाय, असं सांगा. हॉलंडेझ सॉसमध्ये अंडं असतं, ते चालत नसेल तर लोणीच मागा.

प्रश्न : कपडे, पैसे, दुकानं? (ठाणे)

उत्तर : दिवसा १२ ते १५ अंश, रात्री चार-पाच, मध्येच गारा. जाड कोटापेक्षा एकावर एक तीन थर आणि पाणी न शिरणारे बूट घ्या. रविवारी किराणा दुकानं बंद, फक्त मोठ्या स्टेशनांतली उघडी, म्हणून शनिवारी रात्रीच सामान भरा. संग्रहालयं रविवारी उघडी आणि बरीचशी सोमवारी बंद. सोमवारी बर्लिनमध्ये राइशस्टागचा, म्हणजे जर्मन संसदेच्या इमारतीचा, घुमट बघा. तो मोफत आहे, पण नावं आणि जन्मतारखा आधी ऑनलाइन नोंदवाव्या लागतात आणि जाताना पासपोर्ट लागतो. खिशात थोडे रोख युरो असू द्या, छोट्या खानावळी कार्ड घेतीलच असं नाही. पाण्याच्या प्लास्टिकच्या बाटलीवर २५ सेंट अनामत असते. रिकामी बाटली न चेपता सुपरमार्केटमधल्या यंत्रात घाला, चिठ्ठी मिळेल, ती गल्ल्यावर दाखवा.