क्युबाचा हौशी बॉक्सर तेओफिलो स्टीव्हन्सन मोहम्मद अलीशी लढला असता तर जिंकला असता का?

माझ्या मते ३ फेऱ्यांत कदाचित जिंकला असता, १५ फेऱ्यांत नाही. त्या काळी हौशी लढत ३ फेऱ्यांची असायची आणि व्यावसायिक जगज्जेतेपदाची १५ फेऱ्यांची. अली समोरच्याला दमवून उशिरा लढत फिरवायचा. स्टीव्हन्सनला तेवढ्या लांब पल्ल्याची सवयच नव्हती.

पण या न झालेल्या लढतीमुळे झालेल्या लढती झाकल्या गेल्या, याचं मला खरंच वाईट वाटतं. क्युबाच्या या हेवीवेटने १९७२, १९७६ आणि १९८० असं सलग तीनदा ऑलिंपिक सुवर्ण जिंकलं, शिवाय तीनदा जागतिक अजिंक्यपद.

मी तरुणपणी काही वर्षं बॉक्सिंग केलं. डावा हात आळसावला की आमचे सर स्टीव्हन्सनचं नाव काढायचे. १९७१ मध्ये कोलंबियातल्या काली इथल्या पॅन अमेरिकन स्पर्धेत अमेरिकेच्या ड्युएन बॉबिकने त्याला हरवलं होतं. त्यानंतर त्याने डाव्या जॅबवर, म्हणजे डाव्या हाताच्या झटपट सरळ ठोशावर, मेहनत घेतली. पुढच्या वर्षी म्युनिकला उपांत्यपूर्व फेरीत पुन्हा बॉबिकच समोर आला. तिसऱ्या फेरीत स्टीव्हन्सनने त्याला तीनदा खाली पाडलं आणि पंचांनी लढत थांबवली. तेव्हा तो अवघा २० वर्षांचा होता. अंतिम लढत तर खेळावीच लागली नाही, रुमानियाचा प्रतिस्पर्धी हाताच्या दुखापतीने उतरलाच नाही.

तो अजिंक्य होता असं मात्र नाही. सोव्हिएत संघाच्या इगोर व्हिसोत्स्कीने त्याला दोनदा हरवलंय.

आता पैशांचं. क्युबात १९६२ पासून व्यावसायिक खेळावर बंदी होती, म्हणजे अलीशी लढायचं तर देश सोडावा लागला असता. लाखो डॉलर देऊ केले गेले. ८० लाख क्युबन लोकांच्या प्रेमापुढे १० लाख डॉलर काय, असं त्याचं उत्तर होतं. काहींना ते पढवलेलं वाटतं. मला नाही वाटत. तो शेवटपर्यंत तिथेच राहिला आणि २०१२ मध्ये ६० व्या वर्षी हवानातच गेला. अली १९९६ मध्ये क्युबाला गेला तेव्हा दोघं भेटले, मित्रासारखे.

किंमत मोजावी लागली ती वेगळीच. १९८४ मध्ये क्युबाने लॉस एंजेलिस ऑलिंपिकवर बहिष्कार टाकला. तिथे सुवर्ण जिंकणाऱ्या टायरेल बिग्सला स्टीव्हन्सनने त्याच फेब्रुवारीत हरवलं होतं! दोन वर्षांनी, ३४ व्या वर्षी, अमेरिकेतल्या रेनोत तो पुन्हा हौशी जगज्जेता झाला.

त्याचा वारसा पुढे क्युबाच्याच फेलिक्स सावोनने चालवला, त्याचीही तीन ऑलिंपिक सुवर्णं. क्युबन बॉक्सरांना व्यावसायिक लढतींची परवानगी मिळाली ती थेट २०२२ मध्ये.

म्युनिकच्या त्या बॉबिक लढतीची चित्रफीत मिळाली तर जरूर बघा. सगळ्यांची नजर त्याच्या उजव्या ठोशावर जाते, तुम्ही डावा हात बघा.