देवचाराच्या विडीवर पण बंदी?

प्रश्न : आमचं गाव देवगड तालुक्यात, खाडीच्या तोंडाशी. बचतगटातल्या बायकांनी जोर लावून ग्रामसभेत तंबाखूबंदीचा ठराव पास करून घेतला, खाताना सापडला की ५०० रुपये दंड. रापणवाले, म्हणजे किनाऱ्यावरून मोठं जाळं ओढणारे, लगेच म्हणाले तंबाखू नाय तर दोरीक हात लावचो नाय, मग देवचाराला, म्हणजे गावाच्या अदृश्य राखणदाराला, विडी ठेवणारे जुने गावकार उठले, "देवचाराक विडी नाय तर काय चॉकलेट देऊचा?" देवळात गाऱ्हाणं घातलं की ठराव मागे घेऊची बुद्धी दी रे म्हाराजा, तर ठराव मांडणाऱ्या बायकासुद्धा सवयीने "व्हय म्हाराजा!" म्हणून बसल्या. आता ते म्हणतात ठराव रद्द. खरं काय?

उत्तर : गाऱ्हाण्याने ठराव रद्द होत नाही, पण तुमचा तो दंड मुळातच टिकणारा नाही. घरात किंवा होडीवर तंबाखू खाणं हा कायद्याने गुन्हाच नाहीये, आणि दारूचं दुकान बंद करायला आडव्या बाटलीचं मतदान असतं तसं तंबाखूला नाही. जे हातात आहे ते तर वापरा! २००३ च्या तंबाखू नियंत्रण कायद्याने शाळेपासून १०० यार्डांत, म्हणजे साधारण ९१ मीटरमध्ये विक्री बंद, १८ वर्षांखालच्याला विकायचं नाही, एसटी स्टँडवर विडी-सिगारेट ओढली तर २०० रुपयांपर्यंत दंड, आणि गुटखा राज्यात २०१२ पासून बंदच आहे. शाळेसमोरच्या टपरीवर पुड्यांच्या माळा लटकतायत का बघा, असतील तर आधी तिथे टेप घेऊन जा, रापणवाल्यांच्या मागे नंतर लागा.

देवचाराची विडी खुशाल ठेवा हो, त्यावरून गाव फोडू नका, फक्त ती नंतर पोरांच्या हातात जाऊ देऊ नका.

आणि बायकांनो, रागवू नका पण मशेरीचं काय? सकाळी चुलीपुढे बसून हिरड्यांना मशेरी घासायची आणि म्हणायचं मी तंबाखूला हात लावत नाही, असं कितीतरी घरात चालतं. ती तव्यावर काळी होईस्तोवर भाजलेली तंबाखूच आहे, थुंकून टाकली तरी निकोटिन तोंडातून रक्तात जातंच. ठरावात मशेरी घाला, मग पुरुष ऐकतील.

सोडताना पहिले काही दिवस डोकं दुखतं, चिडचिड होते, झोप उडते, रात्रभर समुद्रात जागणाऱ्याला तर फारच जड जातं, त्याला दंडाची पावती देऊन काय होणार? १८००-११-२३५६ हा सरकारी क्विटलाइनचा, म्हणजे तंबाखू सोडायला मदत करणारा फुकट नंबर आहे, तो रापणीच्या मांगरात (जाळी ठेवायच्या खोपीत) मोठ्या अक्षरात लिहा.