वाचक विचारतात : फ्रँक शीड आणि हाइड पार्कमधलं व्यासपीठ

गेल्या अंकात कॅथलिक श्रद्धेचं समर्थन करणाऱ्या विसाव्या शतकातल्या लेखकांचा धावता परिचय दिला होता. त्यातल्या फ्रँक शीड यांच्याविषयी सर्वांत जास्त पत्रं आली. त्यांपैकी निवडक प्रश्नांना इथे उत्तरं देत आहोत.

शीड हे धर्मगुरू होते का? नसतील तर ईशशास्त्रावर बोलण्याचा त्यांना अधिकार कोणी दिला? (वाचक, वसई)

धर्मगुरू नव्हते. ते प्रापंचिक होते, शिक्षण कायद्याचं आणि व्यवसाय पुस्तक प्रकाशनाचा. जन्म सिडनीत, २० मार्च १८९७चा. आई आयरिश कॅथलिक. वडील प्रोटेस्टंट वळणात वाढलेले आणि पुढे मार्क्सवादाकडे झुकलेले. धर्म हा वादाचा विषय असतो हे त्यांना घरातच कळलं होतं. १९२० साली ते लंडनला आले आणि तिथल्या कॅथलिक एव्हिडन्स गिल्डमध्ये, म्हणजे उघड्यावर सभा घेऊन कॅथलिक शिकवण मांडणाऱ्या वक्त्यांच्या संस्थेत, सामील झाले. मध्ये सिडनीला परतून त्यांनी कायद्याची पदवी पुरी केली आणि तिथेही गिल्डचं काम उभं केलं.

अधिकाराचं म्हणाल तर तो धर्मप्रांताकडून, म्हणजे बिशपांच्या अखत्यारीतून, मिळे. गिल्ड १९१८मध्ये वेस्टमिन्स्टर धर्मप्रांतात सुरू झालं, कार्डिनल बोर्न यांच्या संमतीने. उघड्यावर उभं राहून चर्चच्या नावाने बोलायचं, तर वक्त्याला परीक्षा देऊन परवाना घ्यावा लागे, आणि तोही एकेका विषयापुरता. पापनिवेदनाच्या संस्कारावर उत्तीर्ण झालेल्याला पोपच्या अधिकारावर बोलता येत नसे. पुढे, १९५७ साली, फ्रान्समधल्या लील इथल्या कॅथलिक विद्यापीठाने शीड यांना ईशशास्त्रातली सन्माननीय डॉक्टरेट दिली. प्रापंचिक माणसाला असा मान मिळणं त्या काळी फार दुर्मीळ होतं. पण त्याआधी तीस-पस्तीस वर्षं ते रस्त्यावरच्या परीक्षेला बसत आले होते, आणि ती परीक्षा जास्त कडक होती असं आमचं मत आहे.

हाइड पार्कमधल्या या सभा नेमक्या कशा चालत? वक्ते कसे तयार होत? (वाचक, पुणे)

लंडनमधल्या हाइड पार्कच्या ईशान्य कोपऱ्यात, मार्बल आर्च या कमानीजवळ, कोणीही उभं राहून बोलू शकतं. शेजारी नास्तिक, समाजवादी, दुसऱ्या पंथांचे प्रचारक असे सगळेच आपापल्या व्यासपीठांवर उभे असत. कोणावर ऐकण्याची सक्ती नाही. कंटाळा आला की माणूस चार पावलं चालून पलीकडच्या घोळक्यात जातो. चर्चमध्ये कंटाळलेला श्रोता निदान बसून तरी राहतो. इथे पाठ दिसते, आणि लगेच दिसते.

गिल्डचं व्यासपीठ म्हणजे उचलून नेता येईल असा साधा लाकडी मंच, त्याला क्रूस लावलेला. वक्ता आपल्या विषयावर थोडा वेळ बोले. नव्या वक्त्याला पाव तासापेक्षा जास्त बोलणं झेपतही नसे. मग प्रश्न. खरी सभा तिथे सुरू होई.

तयारी वर्गात होई. वर्गाचे दोन भाग. आधी शिकवणीवर व्याख्यान. मग एक शिकाऊ वक्ता उभा राहून बोले आणि उरलेला वर्ग गर्दी बने. पार्कात जे आडवेतिडवे प्रश्न येतात तेच त्याच्यावर फेकले जात, टोमणे मारले जात, मध्येच तोडलं जाई. कारकून, टायपिस्ट, घरकाम करणाऱ्या बाया, विद्यार्थी असे सगळे या वर्गातून गेले. या वर्गांची टाचणं शीड आणि त्यांच्या पत्नी मेझी वॉर्ड यांनी एकत्र करून पुस्तकरूपाने छापली. विषयवार मुद्दे, त्यावर हमखास येणारे प्रश्न आणि वक्त्याच्या हमखास होणाऱ्या चुका, असं त्यांचं स्वरूप होतं.

परवाना मिळाल्यावरही नवख्याने फक्त आपल्या विषयावरचे प्रश्न घ्यायचे. बाकीचे सभा चालवणाऱ्या अनुभवी वक्त्याकडे जात. याचं कारण व्यवहारी आहे. संस्कारांची तयारी करून आलेल्याला कोणी स्पेनमधल्या इन्क्विझिशनवर (धर्मविरोधी ठरवलेल्यांची चौकशी करणाऱ्या न्यायासनावर) छेडलं, की तो अर्धवट ऐकीव माहितीवर काहीतरी ठोकून देतो. पुढच्या आठवड्यात तोच श्रोता ग्रंथालयातून तारखा घेऊन येतो. मग त्याने संस्कारांबद्दल सांगितलेलं खरंही कोणी ऐकत नाही.

शिस्तीचे आणखी काही दंडक होते. चिडायचं नाही. दुसऱ्या पंथाच्या पाळकांवर वैयक्तिक टीका करायची नाही. पक्षीय राजकारण नाही. उत्तर ठाऊक नसेल तर तसं सांगायचं आणि पुढच्या वेळी शोधून आणायचं. प्रश्न विचारणाऱ्याची फिरकी घेऊन हशा मिळवायचा नाही. या शेवटच्यावर शीड यांचा कटाक्ष होता. ज्याचं सगळ्यांसमोर हसं झालं, तो मुद्दा पटला तरी मान्य करणार नाही. व्यासपीठावर चढण्याआधी पवित्र साक्रामेंतासमोर (चर्चमध्ये ख्रिस्ताचं शरीर म्हणून जपलेल्या पवित्र भाकरीसमोर) प्रार्थना हाही तयारीचाच भाग होता. त्याला कोणी वरवरचा सोपस्कार समजत नसे.

मग सुरुवातीला केवळ वादच घालत होते म्हणतात ते खरं का? (वाचक, नाशिक)

बऱ्याच अंशी खरं. गिल्डच्या पहिल्या वर्षांत भर होता तो आक्षेपांना उत्तरं देण्यावर : वाईट चालीचे पोप, इन्क्विझिशन, बायबलमधली वचनं. हळूहळू लक्षात आलं की समोरचा माणूस ज्या शिकवणीला विरोध करतो आहे ती शिकवण त्याला माहीतच नाही. पुरावा देऊन उपयोग नाही, कारण कशाचा पुरावा ते स्पष्ट नाही. म्हणून क्रम बदलला. आधी शिकवण काय आहे ते दिसेल असं मांडायचं, सिद्ध करण्याचं नंतर. शीड यांच्या साऱ्या लेखनाचा कणा हाच आहे, आणि आजच्या समाजमाध्यमांवरच्या धर्मचर्चांना तो तंतोतंत लागू पडतो.

‘त्रैक्य’ (देव एकच, पण पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा अशा तीन व्यक्ती) शीड कसं समजावत? आम्ही धर्मशिक्षणाच्या वर्गात पाणी-बर्फ-वाफ हे उदाहरण देतो. ते चालेल का? (धर्मशिक्षिका, वसई)

ते उदाहरण कृपया सोडून द्या. पाणी, बर्फ आणि वाफ ही एकाच द्रव्याची एकामागून एक येणारी रूपं आहेत. त्यातून मूल शिकतं ते असं, की देव कधी पिता होतो, कधी पुत्र, कधी आत्मा. तिसऱ्या शतकात साबेलियसच्या नावाने ओळखली गेलेली चूक ती हीच, आणि चर्चने ती नाकारली. वर्गात मत्तय ३:१६-१७ वाचून घ्या. पुत्र, म्हणजे येशू, यार्देन नदीच्या पाण्यातून वर येतो आहे, आत्मा कबुतरासारखा उतरतो आहे आणि पित्याची वाणी ऐकू येते आहे, तिन्ही एकाच वेळी. बर्फ-वाफेचं उदाहरण या एका प्रसंगासमोर टिकत नाही.

तीन पानांच्या देठाचं उदाहरणही अडचणीचं आहे. एक पान म्हणजे देठाचा तिसरा हिस्सा. पुत्र मात्र देवाचा तिसरा हिस्सा नाही, तो पूर्ण देव आहे. आपल्याकडे काही जण त्रिमूर्तीशी तुलना करतात. तीही जुळत नाही, कारण तिथे उत्पत्ती, स्थिती, लय अशी कामांची वाटणी सांगितली जाते. कॅथलिक शिकवणीत सृष्टी निर्माण करणं हे तिघांचं एकच कार्य आहे.

शीड उदाहरण न देता दोन प्रश्नांपासून सुरुवात करतात : ‘हे काय आहे?’ आणि ‘हा कोण आहे?’ दगडाला पहिला प्रश्न लागू होतो, दुसरा नाही. माणसाला दोन्ही लागू होतात. काय, याचं उत्तर म्हणजे स्वभाव : माणूसपण. कोण, याचं उत्तर म्हणजे व्यक्ती : ही शांता, हा पीटर. मी काय काय करू शकतो हे माझा स्वभाव ठरवतो, पण करणारा मी असतो. माझं माणूसपण स्वतःहून चालत नाही, मी चालतो.

एवढं पक्कं झालं की पुढची पायरी. माणसात एक स्वभाव आणि एक व्यक्ती असते, म्हणून आपण धरून चालतो की सगळीकडे तसंच असणार. पण तसं असलंच पाहिजे याला आधार काय? देवात स्वभाव एक आणि व्यक्ती तीन. ‘एक म्हणजेच तीन’ असं इथे कोणी म्हणत नाही. एक आहे तो स्वभाव, तीन आहेत त्या व्यक्ती. गणिताचा आक्षेप इथेच गळून पडतो. लगेच दुसरा येतो : तीन माणसांचंही माणूसपण एकच, मग ते तीन देव का नाहीत? उत्तर असं, की तीन माणसांचं माणूसपण एकाच जातीचं असतं, पण प्रत्येकाचं आपापलं असतं. एकाच्या बुद्धीने दुसऱ्याला विचार करता येत नाही. त्रैक्यात मात्र तोच एक स्वभाव, तेच ज्ञान आणि तीच इच्छा तिघांची आहे, वाटून न घेता.

शेवटची पायरी मोठ्या मुलांसाठी ठेवा. पिता स्वतःला जाणतो. आपण स्वतःबद्दल जी कल्पना करतो ती अपुरी असते, कितीतरी सुटून जातं. देवाला स्वतःचं असलेलं ज्ञान परिपूर्ण आहे, त्यात काहीच सुटत नाही. जो जाणतो त्याच्यात जे आहे ते सगळं त्यात आहे, व्यक्ती असणंसुद्धा. हाच बायबलमधला ‘शब्द’, हाच पुत्र. पिता आणि पुत्र यांचं परस्परांवरचं प्रेमही तसंच परिपूर्ण, तो पवित्र आत्मा. विचार ऑगस्टीन आणि थॉमस अक्वायनस या जुन्या ईशशास्त्रज्ञ संतांचा आहे. शीड यांनी तो पार्कात उभ्या असलेल्या माणसाला पेलेल इतका सुटा केला.

वर्गात घोटाळा बहुधा एकाच जागी होतो. मुलं डोळ्यांसमोर चित्र आणायला बघतात, ते येत नाही आणि त्यांना वाटतं आपल्याला समजलं नाही. त्यांना सांगा की चित्र येणारच नाही. आत्मा जागा व्यापत नाही, त्याला भाग नसतात, मग चित्र कशाचं काढणार? न्याय या गोष्टीचंही चित्र निघत नाही, तरी ती आपल्याला समजते. कल्पनाशक्ती थांबते तिथे बुद्धी थांबत नाही, हा शीड यांचा आवडता धडा होता.

पोप चुकूच शकत नाहीत असं कॅथलिक मानतात का? मित्रांना उत्तर देताना गोंधळ होतो. (वाचक, ठाणे)

पोपही पाप करू शकतात आणि करतात. ते नियमाने पापनिवेदन करतात, यावरूनच काय ते समजा. पहिल्या व्हॅटिकन परिषदेने १८ जुलै १८७० रोजी जे घोषित केलं त्याच्या अटी अरुंद आहेत : पोप सर्व ख्रिस्ती जनांचे मेंढपाळ या नात्याने बोलत असले पाहिजेत, विषय श्रद्धेचा किंवा नीतीचा असला पाहिजे, आणि ती शिकवण साऱ्या चर्चसाठी निर्णायकपणे घोषित केलेली असली पाहिजे. प्रवासात विमानात पत्रकारांना दिलेली मुलाखत त्यात बसत नाही. १ नोव्हेंबर १९५० रोजी पोप बारावे पायस यांनी पवित्र मरियेच्या स्वर्गोन्नयनाची (तिला सदेह स्वर्गात घेतलं गेल्याची) केलेली घोषणा बसते.

असाच आणखी एक नेहमीचा गोंधळ. ‘निष्कलंक गर्भसंभव’ हा येशूच्या कुमारीपोटी जन्माचा सिद्धान्त नव्हे. मरिया स्वतः आपल्या आईच्या उदरात, गर्भधारणेच्या पहिल्या क्षणापासून, मूळ पापापासून (आदामापासून साऱ्या माणसांना चिकटलेल्या पापापासून) मुक्त होती, एवढंच तो सांगतो. घोषणा ८ डिसेंबर १८५४ची. मित्रांशी बोलताना आधी हे दोन गैरसमज दूर करा.

मेझी वॉर्ड या शीड यांच्या केवळ सहायक होत्या का? (वाचिका, पणजी)

मुळीच नाही. त्या गिल्डमध्ये शीड यांच्या आधी आल्या आणि वयानेही आठ वर्षांनी मोठ्या होत्या. वडील विल्फ्रिड वॉर्ड हे कार्डिनल न्यूमन यांचे चरित्रकार, आई जोसेफिन कादंबरीकार. १९२६ साली दोघांचं लग्न झालं आणि त्याच वर्षी लंडनमध्ये ‘शीड अँड वॉर्ड’ ही प्रकाशनसंस्था निघाली. १९३३मध्ये तिची न्यूयॉर्क शाखा उघडली. चेस्टरटन, बेलॉक, ख्रिस्तोफर डॉसन, कॅरिल हाउसलँडर या कॅथलिक लेखकांची पुस्तकं तिथून आली. चेस्टरटन यांचं मेझीबाईंनी लिहिलेलं मोठं चरित्र (१९४३) आजही अभ्यासकांना टाळता येत नाही. उतारवयात त्यांनी इंग्लंडमधल्या बेघर कुटुंबांना घरं मिळवून देण्याचं संघटित काम उभं केलं. त्या १९७५मध्ये गेल्या, फ्रँक शीड १९८१मध्ये.

आमच्या धर्मग्रामातल्या (स्थानिक चर्चच्या परिसरातल्या) तरुणांचा असा सराववर्ग सुरू करायचा आहे. कसा करावा? (वाचक, वसई)

आठ-दहा जण पुरे. धर्मगुरूंची संमती आधी घ्या आणि निदान महिन्यातून एकदा त्यांना बसायला सांगा, म्हणजे चुकीची शिकवण मुरत नाही. महिनाभर एकच विषय धरा. पहिल्या बैठकीत फक्त वाचन. दुसरीपासून एकाने दहा मिनिटं बोलायचं, मग वीस मिनिटं बाकीच्यांनी छेडायचं, तेही मनापासून. ओळखीचा आहे म्हणून सोपे प्रश्न विचारले तर वर्ग वाया गेला. दोघांनी नोंद ठेवायची : एकाने शिकवणीतल्या चुका टिपायच्या, दुसऱ्याने बोलण्यातल्या.

बोलण्यातल्या चुका ठरलेल्या असतात. उत्तर दोन मिनिटांच्या पुढे गेलं की ते प्रवचन होतं. वचनांची माळ लावली तर बायबल न मानणाऱ्यावर काहीच परिणाम होत नाही. ‘कृपा’, ‘तारण’ हे शब्द न उलगडता वापरले तर ऐकणारा आपल्या मनचा अर्थ लावतो. सर्वांत वाईट म्हणजे विचारलेल्या प्रश्नाऐवजी आपल्याला येणाऱ्या प्रश्नाचं उत्तर देणं. त्यावर उपाय म्हणजे उत्तराआधी प्रश्न आपल्या शब्दांत परत म्हणायचा आणि ‘हेच विचारायचं होतं ना?’ असं विचारून घ्यायचं.

मराठीत हे नवं वाटायचं कारण नाही. फादर थॉमस स्टीफन्स यांच्या ‘क्रिस्तपुराणा’त (१६१६) श्रोते शंका विचारतात आणि पाद्री-गुरू ओव्यांमधून उत्तर देतात. गटात तेही थोडं थोडं वाचा.

शीड यांची पुस्तकं कोणत्या क्रमाने वाचावीत? (वाचक, कोल्हापूर)

इंग्रजी वाचता येत असेल तर ‘थिऑलॉजी फॉर बिगिनर्स’ (१९५७) आधी. मग ‘थिऑलॉजी अँड सॅनिटी’ (१९४६). शुभवर्तमानांवरचं ‘टू नो क्राइस्ट जीझस’ (१९६२) स्वतंत्रपणे, बायबल शेजारी उघडं ठेवून. ‘थिऑलॉजी अँड सॅनिटी’ची सुरुवातीची प्रकरणं बुद्धी आणि कल्पनाशक्ती यांच्याबद्दल आहेत. ती रूक्ष वाटतात म्हणून बरेच जण गाळतात आणि त्रैक्याच्या प्रकरणात अडकतात. दिवसाला चार-पाच पानंच वाचा, पण ती गाळू नका.