बाळाची गादी मऊ हवी की कडक?

प्रश्न: नातीच्या पाळण्यासाठी सूनबाई कडक गादी घ्यायची म्हणतात. एवढ्याशा अंगाला ती टोचणार नाही का?

उत्तर: आजी, सूनबाईंचं ऐका. तीन-चार किलोच्या बाळाला कडक गादी टोचत नाही, पण मऊ गादीत ते रुततं. पहिल्या काही महिन्यांत मान उचलून तोंड मोकळं करायची ताकद बाळात नसते. नाक गादीत दबलं, की सोडलेलाच श्वास ते पुन्हा आत घेत राहतं आणि प्राणवायू कमी पडतो. रडण्याचा आवाजही येत नाही, म्हणून याची मला फार धास्ती वाटते. दुकानात गादी तळहातानं दाबून पाहा. हात उचलताच खळगा भरून यायला हवा. हाताचा ठसा धरून ठेवणारी मेमरी फोमची गादी बाळासाठी नकोच.

प्रश्न: घरची कापसाची गादी पिंजून घेतली तर?

उत्तर: घट्ट, सपाट आणि पाळण्याच्या मापाची भरून मिळाली तर चालेल. गाठी झालेली किंवा मधे बसलेली मात्र नको. गादी आणि कठडा यांच्यामध्ये दोन बोटांहून जास्त फट राहू देऊ नका. ती गोधडी कोंबून बुजवू नका, गादीच बदला.

प्रश्न: डोकं गोल व्हावं म्हणून आईनं मोहरीची उशी शिवली आहे. शिवाय बाळ उताणं झोपलं तर दूध घशात अडकेल अशी भीती वाटते.

उत्तर: आईची माया कळते, तरी पहिलं वर्षभर उशी नको, लोड, तक्के, मऊ खेळणीही पाळण्यात नकोत. डोक्यासाठी बाळाला जागेपणी, तुमच्या नजरेसमोर, पालथं खेळवा. चपटेपणा बाळ बसायला लागल्यावर बहुधा कमी होत जातो. दुधाचं म्हणाल, तर उताण्या बाळाची श्वासनलिका अन्ननलिकेच्या वर असते. त्यामुळे उलटून आलेलं दूध सहसा पुन्हा अन्ननलिकेकडेच उतरतं. पालथं झोपवल्यावर ही रचना उलटी होते. अमेरिकेत १९९४ साली बाळांना उताणं झोपवण्याची मोहीम सुरू झाली आणि झोपेतल्या अचानक मृत्यूंचं प्रमाण पुढे जवळपास निम्म्यावर आलं.

प्रश्न: शू झिरपू नये म्हणून रबरी शीट घालू का?

उत्तर: सैल शीट किंवा प्लास्टिक नको. गादीला घट्ट बसणारं वॉटरप्रूफ कव्हर घ्या, त्यावर एकच सुती चादर चारी बाजूंनी ताणून खोचा. दुपट्यांचे थर रचू नका.