वाचकांचे प्रश्न : सायबर हल्ला आणि देशाची सुरक्षा

प्रश्न : सायबर हल्ला म्हटले की खात्यातून पैसे चोरीला जाणे, एवढेच डोळ्यांपुढे येते. त्याला थेट राष्ट्रीय सुरक्षेवरील संकट म्हणणे अतिशयोक्तीचे नाही का?

उत्तर : अजिबात नाही. पैशांच्या चोरीचा तपास पोलीस करतात. परंतु वीज, पाणी, इंधन किंवा रुग्णालये चालवणाऱ्या यंत्रणांचा ताबा दूरवर बसलेल्या कोणाच्या हाती गेला, तर प्रश्न एका खातेदारापुरता राहत नाही. २३ डिसेंबर २०१५ रोजी पश्चिम युक्रेनमध्ये नेमके हेच घडले. वीज कंपनीच्या नियंत्रण कक्षातील कर्मचाऱ्यांच्या डोळ्यांदेखत पडद्यावरचा कर्सर आपोआप फिरू लागला आणि एकामागून एक उपकेंद्रांचे ब्रेकर, म्हणजे वीजप्रवाह जोडणाऱ्या-तोडणाऱ्या कळा, उघडून प्रवाह तुटत गेला. सुमारे सव्वादोन लाख ग्राहक ऐन थंडीत अंधारात सापडले. ग्राहकांना तक्रारही नोंदवता येऊ नये म्हणून मदत केंद्राच्या दूरध्वनींवर खोट्या कॉलचा भडिमार करण्यात आला. हल्लेखोर कित्येक महिने आधीच आत शिरलेले होते, आणि त्यांची वाट उघडली होती ती ईमेलसोबत आलेल्या वर्ड-एक्सेलसारख्या साध्या ऑफिस फाइलने. माझ्या मते यातली सर्वांत गंभीर बाब अंधार नव्हे, तर कोणाच्याही लक्षात न आलेले ते महिने आहेत.

प्रश्न : मग देशाने सर्वाधिक भर कशावर द्यावा?

उत्तर : हल्ला होणारच, असे गृहीत धरून सेवा पुन्हा सुरू करण्याच्या तयारीवर. युक्रेनमध्ये काही तासांत वीज परतली, कारण तंत्रज्ञांनी प्रत्यक्ष उपकेंद्रांवर जाऊन ब्रेकर हाताने जोडले. सारे काही स्वयंचलित करण्याच्या घाईत हे कसब जाणणारी माणसे कमी करणाऱ्या देशांनी या घटनेचा जरूर विचार करावा. महागडी उपकरणे खरेदी करण्याआधी साध्या फटी बुजवणेही तितकेच निकडीचे आहे. मे २०२१ मध्ये अमेरिकेतील कलोनियल पाइपलाइन या इंधन वाहून नेणाऱ्या कंपनीला सायबर हल्ल्यामुळे पुरवठा काही दिवस थांबवावा लागला. तिथे हल्लेखोर शिरले ते वापरात नसलेल्या एका जुन्या खात्याच्या पासवर्डने, आणि त्या खात्याला दुहेरी पडताळणीचे संरक्षण नव्हते. म्हणून कर्मचारी नोकरी सोडून गेला की त्याचे खाते त्याच दिवशी बंद करावे, महत्त्वाच्या माहितीची प्रत नेटवर्कपासून अलग ठेवावी आणि त्या प्रतीवरून यंत्रणा खरोखर उभी राहते की नाही, हे अधूनमधून प्रत्यक्ष करून पाहावे.