गेम चालतोय पण आवाज येत नाहीये: मॉडवाल्या व्हॉइस चॅटवर वाचकांचे प्रश्न

मागच्या अंकात मॉड (गेममध्ये वरून टाकायची भर) टाकण्याबद्दल लिहिलं तेव्हापासून व्हॉइस चॅटचेच प्रश्न जास्त येतायत. काही सारखेच होते म्हणून एकत्र केलेत, उत्तरं मात्र जमेल तेवढी सविस्तर दिलीयेत.

प्रश्न: दादा, आम्ही सहा जण माइनक्राफ्ट जावा खेळतो. सर्व्हर माझ्याच पीसीवर आहे, फॅब्रिकवर (मॉड चालवणारा प्रोग्रॅम), त्यात सिंपल व्हॉइस चॅट हा मॉड टाकलाय. सगळ्यांकडे मॉड आहे आणि व्हर्जनपण एकच आहे. गेम मस्त चालतो पण आवाज फक्त मला आणि माझ्या भावाला एकमेकांचा येतो, बाकी चौघांच्या स्क्रीनवर प्लग निघाल्यासारखं चिन्ह दिसतं. पोर्ट २५५६५ फॉरवर्ड केलेला आहे. चार दिवस झाले, काय राहिलंय तेच कळेना.

उत्तर: तुझं आणि भावाचं जमतंय आणि बाहेरच्यांचं जमत नाहीये हे लिहिलंस ते फार बरं केलंस, कारण तुम्ही दोघं एकाच वायफायवर आहात आणि तुमचा आवाज घराबाहेर जातच नाही, म्हणजे मॉड ठीक, माइक ठीक, सेटिंग ठीक, अडलंय ते राउटरच्या दारात. गेम आणि आवाज एकाच वाटेने जात नाहीत. पोर्ट म्हणजे नंबर असलेलं दार, आणि टीसीपी, यूडीपी या माहिती पाठवायच्या दोन पद्धती, म्हणजे प्रोटोकॉल. माइनक्राफ्ट २५५६५ वर टीसीपीने चालतं, हा मॉड आवाज पाठवतो २४४५४ वर आणि तोही यूडीपीने. तू पहिलं दार उघडलंस, दुसरं बंदच राहिलं.

तर राउटरमध्ये अजून एक नियम कर, पोर्ट २४४५४, प्रोटोकॉल यूडीपी, आणि पत्ता सर्व्हरवाल्या पीसीचा. बरेच जण नंबर बरोबर टाकतात आणि प्रोटोकॉलच्या यादीत आधीपासून असलेला टीसीपी तसाच सोडून देतात, मग सगळं बरोबर दिसतं आणि काहीच होत नाही. विंडोजच्या फायरवॉलमध्येपण जावाला यूडीपीची परवानगी आहे का बघ. आणि एक गोष्ट आधीच सांगतो नाहीतर आणखी दोन दिवस जातील, पोर्ट उघडा आहे का ते सांगणाऱ्या बहुतेक वेबसाइट फक्त टीसीपी तपासतात, त्यामुळे तुझा यूडीपी पोर्ट नीट उघडा असला तरी त्या बंद म्हणूनच दाखवतील, त्यांच्यावर जाऊ नकोस. त्यापेक्षा मित्राला गेममध्ये बोलव आणि सर्व्हरवर व्हॉइसचॅट टेस्ट ही कमांड त्याच्या नावासकट मार, पिंग, म्हणजे चाचणीचा निरोप, परत आला की वाट मोकळी आहे.

यूडीपीच का, असंही एकाने विचारलंय. हा मॉड आवाज ओपस कोडेकमध्ये (आवाज दाबून लहान करायची पद्धत) बांधतो, २० मिलिसेकंदांचा एकेक तुकडा, म्हणजे तू बोलत असताना सेकंदाला ५० तुकडे जातात. टीसीपीमध्ये एक तुकडा हरवला की तो परत मागवतात आणि मागचे सगळे त्याच्यासाठी थांबून राहतात. ब्लॉक ठेवलाय की नाही ही माहिती हरवून चालत नाही म्हणून गेमला तेच हवं. पण "मागे क्रीपर आहे" मधला एक तुकडा दोन सेकंदांनी मिळून काय करायचं? यूडीपी त्याच्यासाठी थांबत नाही, पुढचं ऐकवतो.

आता हाच प्रश्न आणखी दोघांनी पाठवलाय पण त्यांचं कारण वेगळं आहे. त्यांच्याकडे पोर्ट फॉरवर्ड होतच नाही, कारण इंटरनेट कंपनीने एकच बाहेरचा पत्ता अनेक ग्राहकांना वाटून दिलाय. ओळखायचं असं, राउटरच्या पानावर बाहेरचा पत्ता म्हणून १०० ने सुरू होणारा आकडा दिसतो आणि पुढचा आकडा ६४ ते १२७ मधला असतो. अशा वेळी लोक टनेल सेवा, म्हणजे दुसऱ्याच्या सर्व्हरमधून वाट काढून देणारी सेवा, वापरतात आणि इथे मी स्वतः अडकलो होतो. मी जी सेवा घेतली ती फक्त टीसीपी नेत होती. सगळे जण मजेत गेममध्ये येत होते आणि आवाज शून्य. दोन रात्री मी मॉड काढून परत टाकला, जावा बदललं, एकाला तर विंडोज अपडेट करायला लावलं, आणि शेवटी त्या सेवेच्या माहितीच्या पानावर यूडीपी हा शब्दच नाही हे दिसलं. म्हणून टनेल घेताना सगळ्यात आधी तेवढंच बघा. यूडीपी मिळाला की टनेलचा जो पत्ता आणि पोर्ट असेल तो कॉन्फिग फोल्डरमधल्या व्हॉइसचॅट-सर्व्हर प्रॉपर्टीज फाइलमध्ये व्हॉइस होस्ट या ओळीत टाका आणि सर्व्हर रीस्टार्ट करा. ही ओळ राहिली तर मित्रांचा गेम आवाजासाठी गेमच्याच पत्त्यावर २४४५४ शोधत बसतो आणि तिथे कोणीच नसतं.

भाड्याचा सर्व्हर असेल तर पॅनेलमधून एक जास्तीचा पोर्ट मागून घ्या आणि तो नंबर त्याच फाइलमध्ये पोर्टच्या ओळीत लिहा. जास्तीचा मिळतच नसेल तर तिथे -१ लिहिता येतं, मग मॉड गेमचाच पोर्ट वापरतो, पण होस्टने तिथे यूडीपी सोडलेला असला तरच ते चालतं, म्हणून मी ते शेवटचा पर्याय धरतो. आणि डॉकरवाले, म्हणजे सर्व्हर डॉकर या प्रोग्रॅमच्या वेगळ्या डब्यात चालवणारे, पोर्टच्या पुढे तिरकी रेघ देऊन यूडीपी लिहायचं विसरू नका, न लिहिल्यास डॉकर टीसीपीच धरतं.

प्रश्न: माझा ब्लूटूथ हेडसेट गाण्यांना एकदम भारी आहे पण गेममध्ये व्हॉइस चॅट चालू केला की गेमचा सगळा आवाज डब्यातून आल्यासारखा होतो, पावलं कुठून येतायत तेच कळत नाही. मॉड खराब आहे का?

उत्तर: मॉडचा काही दोष नाही. ब्लूटूथ हेडसेटला दोन मोड असतात, एक फक्त ऐकायचा, स्टिरिओ आणि चांगल्या दर्जाचा, दुसरा हँड्स-फ्री म्हणजे फोनवर बोलायचा. कुठल्याही प्रोग्रॅमने हेडसेटचा माइक मागितला की बहुतेक हेडसेट दुसऱ्या मोडमध्ये जातात आणि तिथे आवाज मोनो होतो, दर्जा ८ किंवा १६ किलोहर्ट्झवर येतो. मोनो झालं की डावं-उजवं संपलं, आणि प्रॉक्सिमिटी चॅटची (गेममध्ये जवळ असलेल्यांचाच आवाज येतो ते) तर सगळी मजाच कोण कुठल्या बाजूने बोलतंय यात आहे.

उपाय सोपा आहे, माइक दुसरा वापर. लॅपटॉपचा आतला चालेल, जुना वायरवाला इअरफोन चालेल, वेबकॅमचा चालेल. मॉडच्या सेटिंगमध्ये माइक म्हणून तो निवड आणि स्पीकर म्हणून हेडसेटची स्टिरिओ नोंद निवड, हँड्स-फ्री लिहिलेली नको. विंडोजच्या साउंड सेटिंगमध्येपण डिफॉल्ट माइक बदल, नाहीतर मागे चालू असलेलं दुसरं चॅट ॲप हेडसेटचा माइक धरून बसतं आणि तू बदललेलं सगळं फुकट जातं.

तिथेच जुन्या साउंड पॅनेलमध्ये कम्युनिकेशन्स नावाचा टॅब आहे तोही उघड. विंडोजला वाटलं की कॉल चालू आहे तर ते बाकीचे आवाज ८० टक्क्यांनी कमी करतं, आणि हे आधीपासूनच चालू असतं. काहीच करू नको हा पर्याय निवड. "कोणी बोललं की गेमचा आवाज बसतो" असं ज्यांनी लिहिलंय त्यांनाही हेच उत्तर.

प्रश्न: मॅकवर सिंपल व्हॉइस चॅट मॉड माइक दाखवतो पण माझा आवाज जातच नाही, परवानगीची खिडकीसुद्धा येत नाही.

उत्तर: मॅकवर परवानगी गेमला नाही, ज्या लाँचरमधून गेम उघडतो त्याला लागते, आणि लाँचरने ती मागितलीच नाही तर खिडकी येणार कुठून. प्रिझम लाँचरमधून चालवून बघ, तो मागतो. परवानगी दिल्यावर लाँचर पूर्ण बंद करून परत उघड.

प्रश्न: आमचा आर्मा ३ या लष्करी गेमचा गट टास्क फोर्स रेडिओ मॉड वापरतो. मी नवीन आहे. टीमस्पीकवर (बोलायचं वेगळं ॲप) सगळे ऐकू येतात, पण मिशन सुरू झालं की मी कितीही लांब गेलो तरी सगळ्यांचा आवाज सारखाच येतो आणि रेडिओ दाबला तर कोणालाच जात नाही. आणि जुने लोक म्हणतात की डोंगरामागे गेलं की त्यांचापण तुटतो, म्हणजे मॉडच बिघडलाय का?

उत्तर: दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिली तुझी. या मॉडमध्ये आवाज गेममधून जात नाही, टीमस्पीकमधूनच जातो, आणि टीमस्पीकमधला एक प्लगिन (छोटा जोड-प्रोग्रॅम) गेमकडून विचारून घेतो की तू कुठे उभा आहेस, कोणता रेडिओ धरलायस, आणि त्याप्रमाणे प्रत्येकाचा आवाज बारीक-मोठा करतो. लांब गेल्यावरही सगळे सारखेच ऐकू येतात याचा अर्थ प्लगिनला गेम सापडलेलाच नाही. तर बघ, प्लगिन टाकलाय का, टीमस्पीकच्या ॲडऑनच्या यादीत चालू दिसतोय का, आणि त्याचं व्हर्जन मॉडच्या व्हर्जनशी जुळतं का, कारण मॉड आपोआप अपडेट होतो आणि प्लगिन जुनाच राहतो, हे फार वेळा होतं. त्यानंतर हे बघ की गेम ॲडमिन म्हणून आणि टीमस्पीक साधा असं तर चालू नाहीये ना. दोघं एकाच पातळीवर चालले पाहिजेत नाहीतर एकमेकांना दिसत नाहीत. शॉर्टकटवर कधीतरी टिक केलेली असते आणि आपण विसरून गेलेलो असतो.

सगळं जुळलं की मिशनमध्ये शिरताच तू आपोआप टास्कफोर्सरेडिओ नावाच्या चॅनेलमध्ये ओढला जाशील. त्या चॅनेलचा पासवर्ड मॉडमध्ये आधीपासून १२३ असतो, तुमच्या सर्व्हरवर बदलला असेल तर मिशनच्या सेटिंगमध्येपण तोच हवा. बटणंही दोन आहेत, समोरच्याशी तोंडी बोलायला टीमस्पीकचं स्वतःचं बटण आणि जवळच्या पल्ल्याच्या रेडिओला कॅप्स लॉक. एकरे हा दुसरा रेडिओ मॉड आधी वापरला असशील तर त्याचा प्लगिन बंद कर, दोन्ही एकत्र चालू ठेवायचे नाहीत.

दुसरी गोष्ट, डोंगरामागे तुटणं. तो बिघाड नाही, मॉड मधली जमीन मोजतो आणि त्याप्रमाणे रेडिओचा सिग्नल कमी करतो. म्हणून चांगल्या गटात एक जण उंचावर बसवतात आणि तो खालच्या दोन तुकड्यांचे निरोप इकडून तिकडे सांगतो. मला हा मॉड आवडतो तो याच्यासाठी, दरीत अडकलेला माणूस अर्धं वाक्य बोलतो, खरखर होते, आणि वरचा माणूस शांतपणे म्हणतो, "परत सांग, मी पुढे देतो." तेवढ्यासाठी सेटिंगमध्ये जाऊन जमिनीचा परिणाम बंद करू नका अशी माझी विनंती आहे.

प्रश्न: आमच्या घरच्या माइनक्राफ्ट सर्व्हरवर, सिंपल व्हॉइस चॅटमध्ये, दोघं-तिघं असले की आवाज मस्त, दहा जण एका हॉलमध्ये जमले की सगळ्यांचा कट कट होतो. पिंग तर ठीक दिसतो.

उत्तर: हिशोब करून बघू. दहा जण जवळजवळ उभे आहेत, एक बोलला की सर्व्हरला तो आवाज नऊ जणांना पाठवावा लागतो. चार जण एकदम बोलले तर ३६ प्रवाह. एकेक प्रवाह ४० किलोबिटचा धरला तर साधारण दीड मेगाबिट अपलोड, आणि तेही गेमचं जाणं-येणं सोडून. घरच्या लाइनला डाउनलोड भरपूर असतं, अपलोडची मारामार असते, आणि त्यात कोणाचा फोन मागे फोटो चढवत असेल तर संपलंच.

सर्व्हरवाला पीसी आधी वायरने जोडा, वायफायवर ठेवू नका, याने निम्मी तक्रार जाते असा माझा अनुभव आहे. सगळ्यांना दाबून बोलायचं बटण ठेवायला सांगा, म्हणजे पंखा आणि कीबोर्ड चोवीस तास प्रसारित होणार नाहीत. ऐकू येण्याचं अंतर मॉडमध्ये ४८ ब्लॉक असतं ते ३० वर आणलंत तर गावभर सगळ्यांना सगळं जाणार नाही. ज्या एकट्यालाच तुटक येतंय त्याने स्वतःकडे आउटपुट बफर (वाजवण्याआधी आवाज साठवायची जागा) थोडा वाढवावा, पण प्रत्येक वाढीव पॅकेटमागे, म्हणजे तुकड्यामागे, २० मिलिसेकंद उशीर लागतो म्हणून एकेकाने वाढवत जायचं.

प्रश्न: माझा मुलगा बारा वर्षांचा आहे, माइनक्राफ्टच्या एका मोठ्या सर्व्हरवर सिंपल व्हॉइस चॅट मॉड टाकून खेळतो. आता तिथे अनोळखी लोकांचे आवाज येतात. बंद करावं का? त्याचे शाळेतले मित्र तिथेच आहेत.

उत्तर: ताई, एकदम बंद करायची गरज नाही, आधी त्याच्याशेजारी बसून सेटिंग करा. खेळताना व्ही दाबलं की मॉडची खिडकी उघडते. तिथून ग्रुप करता येतो, त्याला पासवर्ड ठेवा आणि प्रकार आयसोलेटेड निवडा, मग ग्रुपमधली मुलंच एकमेकांना ऐकतात, जवळून जाणाऱ्या परक्या माणसाचं त्याला ऐकू येत नाही आणि याचं त्याला जात नाही. साध्या प्रकारच्या ग्रुपमध्ये याचं बाहेर जात नाही पण आजूबाजूच्यांचं याला ऐकू येतं, म्हणून प्रकार नीट बघून निवडा. कोणी त्रास देत असेल तर त्या एकाचा आवाज शून्य करता येतो, आणि एन दाबलं तर सगळाच व्हॉइस चॅट बंद होतो. या दोन गोष्टी त्याला स्वतःला करता आल्या पाहिजेत, तुम्ही खोलीत नसताना. एकदा तुमच्यासमोर करून दाखव म्हणा.

आणि हे त्याला सांगाच की या मॉडमध्ये रेकॉर्डिंगची सोय आहे आणि प्रत्येकाचा आवाज वेगळ्या फाइलमध्ये साठवता येतो. सर्व्हरवाल्याने ती बंद केली असली तरी दुसऱ्या प्रोग्रॅमने कोणीही रेकॉर्ड करू शकतं. त्यामुळे खरं नाव, शाळा, घरचा फोन या गोष्टी माइकवर बोलायच्या नाहीत, मित्रांनीपण त्याला तिथे खऱ्या नावाने हाक मारायची नाही. शेवटचं मुलं हमखास विसरतात, म्हणून त्याच्या मित्रांच्या आयांशीपण एकदा बोलून घ्या.