अभिवाचन शिकणाऱ्यांसाठी: आघात, विराम आणि सूर

अभिवाचन नव्याने सुरू करणारे बहुतेक जण सारे लक्ष उच्चारशुद्धीकडे देतात आणि ती हवीच. परंतु ऐकणाऱ्यापर्यंत वाक्याचा नेमका रोख पोहोचतो तो आघात, विराम आणि सूर यांमुळे, म्हणून संहिता हाती येताच प्रत्येक वाक्यात नवे काय सांगितले आहे, हे आधी शोधावे, असा माझा आग्रह आहे. ‘मी उद्या पुण्याला जाणार आहे’ या वाक्यात ‘मी’वर जोर दिला तर दुसरे कोणी नव्हे, ‘उद्या’वर दिला तर आज नव्हे आणि ‘पुण्याला’वर दिला तर अन्य गावाला नव्हे, असा अर्थ सूचित होतो. नवशिके वाचक मात्र प्रत्येक वाक्याच्या शेवटच्या ‘आहे’वर आवाज चढवतात, ही सवय लवकर मोडावी, कारण तिच्यामुळे सगळी वाक्ये एकाच चालीची होतात. ज्या शब्दाला ‘च’ जोडलेला असतो, तो लेखकानेच ठळक केलेला असल्यामुळे तिथे हलका आघात पुरतो.

विरामाबाबत अधिक काटेकोर राहावे. ‘नाही येणार’ आणि ‘नाही, येणार’ यांचे अर्थ परस्परविरुद्ध आहेत आणि त्यांत फरक केवळ एका क्षणाच्या थांब्याचा आहे.

सुराचेही तसेच आहे. ‘तो आला’ हे शेवटी सूर चढवून म्हटले की ‘का’ न जोडताही प्रश्न होतो. ‘तू येणार ना’ हे चढत्या सुरात विचारणे ठरते, तर उतरत्या सुरात त्यात खात्री किंवा हक्क ऐकू येतो. संवाद वाचताना पात्रांचे नाते ओळखूनच यांतला सूर निवडावा.